बायकोच्या दुकानातला अनधिकृत भोगवटादार

पायरीचा कोपरा निखळला होता, एवढंच. पालिकेच्या बाजार इमारतीतला गाळा क्रमांक नऊ माझ्या बायकोच्या नावावर आहे. तिथे तिचं कपडे दुरुस्तीचं दुकान आहे. पॅन्टची लांबी कमी करणं, चेन बदलणं, उसवलेलं शिवणं, बारीक झालेल्यांचे कपडे आत घेणं आणि जाड झालेल्यांचे बाहेर सोडणं, अशी कामं. पहिल्या प्रकारची गिऱ्हाइकं वर्षातून दोन येतात, बाकी सगळी दुसऱ्या प्रकारची. त्यातल्याच एक बाई त्या पायरीवरून घसरल्या आणि थेट शिलाई मशीनला मिठी मारून थांबल्या. लागलं कोणाला नाही. पण बायको मला म्हणाली, "अहो, उद्या येताना एखाद्या गवंड्याला घेऊन या. अर्ध्या तासाचं काम आहे."

"इमारत पालिकेची आहे," मी म्हणालो. "परवानगी लागते."

"पायरीला?"

"पायरी हा इमारतीचाच भाग असतो."

तिने चार टाचण्या तोंडात धरल्या. तोंडात टाचण्या असताना ती बोलत नाही, आणि मी नियम सांगायला लागलो की ती टाचण्या तोंडात धरते, असं माझं निरीक्षण आहे.

आता, अर्ज लिहिणं हा माझा हातखंडा. एकतीस वर्षं मी आवक-जावक विभागात काढली. माझा अर्ज कुठल्याही कार्यालयातून त्रुटी काढून परत आलेला नाही, हे मी जरा अभिमानाने सांगतो. त्या रात्री कशाला, त्याच दुपारी मी दुकानातल्या स्टुलावर बसून कच्चा मसुदा केला. पहिल्यांदा लिहिलं, 'माझ्या पत्नीच्या गाळ्याची पायरी'. वाचून बघितलं. वाक्यात दमच नाही. बायकोने पाठवलं म्हणून आलेला माणूस वाटत होतो. तसाच आलो होतो, पण ते कागदावर दिसायचं काय कारण? मी ते खोडलं आणि ठणठणीत लिहिलं, 'माझ्या ताब्यात व वहिवाटीत असलेल्या गाळा क्रमांक नऊची दर्शनी पायरी'. खाली माझी सही ठोकली, पालिकेत देऊन आवक शिक्क्याची पोचप्रत घेतली आणि ती बायकोला दाखवली.

"गवंडी कुठाय?" तिने विचारलं.

"प्रक्रिया सुरू झाली आहे," मी म्हणालो.

तीन आठवड्यांनी दोन पाकिटं आली. एक बायकोला, एक मला. बायकोच्या पाकिटात लिहिलं होतं की, आपणास भाडेपट्ट्याने दिलेला गाळा आपण पालिकेच्या परवानगीशिवाय बाहेरच्या व्यक्तीच्या ताब्यात दिल्याचे सदर व्यक्तीच्याच अर्जावरून निदर्शनास आले आहे, सबब तीस दिवसांत गाळा रिकामा करून द्यावा, अन्यथा सील करण्यात येईल. माझ्या पाकिटात मला 'अनधिकृत भोगवटादार' म्हटलं होतं आणि मुदत तीच होती. पायरीबद्दल दोन्हीकडे एक अक्षर नव्हतं.

बायकोने दोन्ही कागद उभ्यानेच वाचले. "बाहेरची व्यक्ती म्हणजे कोण?" तिने विचारलं.

"मी."

ती पुन्हा मशीनवर बसली आणि एका जुन्या कोटाची शिलाई उसवायला लागली. बावीस वर्षांपूर्वी तिने हा गाळा स्वतः रांगेत उभं राहून, स्वतःच्या नावावर घेतला होता. तेव्हा मी कचेरीत होतो. इथल्या प्रत्येक खिळ्याला कुठला हँगर लागतो हे तिला अंधारातही कळतं. आणि मी एका वाक्याला दम यावा म्हणून हे सगळं पणाला लावून बसलो होतो. मी म्हणालो, "काळजी करू नकोस, मी उद्याच जाऊन सगळं समजावून सांगतो." त्यावर तिने टाचण्या तोंडात धरल्या.

मालमत्ता विभागातला कारकून माझ्याच जातकुळीतला होता, म्हणजे कागदावर असेल तेच खरं मानणारा. मला वाटलं, आपली भाषा आपल्या माणसाला कळेल.

"मी तिचा नवरा आहे," मी म्हणालो.

"असाल," तो म्हणाला. "आमच्या रजिस्टरात पट्टेदार आणि भोगवटादार असे दोन रकाने आहेत. नवऱ्याचा रकाना नाही."

"अहो, पण मी तिथे नुसता बसतो!"

"मग तसं लेखी द्या."

मी तिथल्या तिथे लिहून दिलं की, मी सेवानिवृत्तीपासून गेली अकरा वर्षे सदर गाळ्यात दररोज दुपारपासून बंद होईपर्यंत नियमितपणे व अखंडपणे बसत आहे. त्याने वाचलं, आनंदाने मान हलवली आणि म्हणाला, "अकरा वर्षं अखंड! पहिल्या अर्जात एवढं स्पष्ट नव्हतं. बरं झालं लिहून दिलंत."

इतका चांगला कारकून मी माझ्या नोकरीत पाहिला नाही. मला त्याचा गळा धरावासा वाटला.

मी दुकानात परतलो तर पायरी दुरुस्त झालेली. शेजारच्या गाळा क्रमांक आठमधला चष्मेवाला हात पुसत उभा होता. "गवंडी माझ्याकडे फळी बसवायला आला होता, म्हटलं वहिनींचं पण करून टाक. वीस मिनिटं लागली." मी कपाळाला हात लावला. तरी मला वाटलं, मूळ कारणच संपलं, तर अर्ज मागे घेऊ. दुसऱ्या दिवशी गेलो. कारकुनाने विचारलं, "पायरी दुरुस्त झाली? कोणाच्या परवानगीने?" तिसरं पाकीट आठवड्याभरात आलं. विनापरवाना बांधकाम.

चष्मेवाल्याला मी मनातून कधीच माफ केलं नाही, पण सल्ला त्याचाच घ्यावा लागला, कारण तो न मागता देत होता. "सरळ दिवाणी कोर्टात जा," तो म्हणाला. "एका तारखेत काम. माझ्या साडूचा भाचा वकील आहे." समोर किल्ल्या बनवणारा म्हणाला, "दिवाणी? त्यापेक्षा गाळा सोडून द्या, लवकर सुटाल." बायकोने दोघांचं ऐकलं, आणि तिच्याकडे झगे दुरुस्तीला टाकणाऱ्या एका वकीलबाईंना फोन केला. वकीलबाईंच्या काळ्या कोटाची बाही बायकोनेच तीनदा शिवलेली होती. कायद्यापेक्षा त्या बाहीवर तिचा जास्त विश्वास होता.

वकीलबाईंनी सगळे कागद वाचले. माझा पहिला अर्ज त्यांनी दोनदा वाचला आणि चष्म्यावरून माझ्याकडे बघितलं. "हे कोणी लिहिलं?"

"मी."

"छान अक्षर आहे," त्या म्हणाल्या.

पहिला दावा दिवाणी न्यायालयात लावला. न्यायालयाची इमारत पालिकेच्या समोरच. दिवाणी पहिल्या मजल्यावर, लघुवाद तिसऱ्या मजल्यावर आणि जिल्हा न्यायालय मागच्या बाजूला. लिफ्ट होती, पण ती तिसऱ्या मजल्यावर थांबत नसे. हे मला पुढे फार महागात पडलं, म्हणजे गुडघ्यांना पडलं. न्यायाधीशांनी गाळा सील करायला स्थगिती दिली आणि माझा जीव भांड्यात पडला. चार महिन्यांनी पालिकेचे वकील उभे राहिले. गृहस्थ पोक्त, आवाज खर्जातला, दर वाक्यानंतर रुमालाने मान पुसायचे. ते म्हणाले, "महोदय, वादी बाई या पालिकेच्या भाडेकरू आहेत. मालक आणि भाडेकरू यांचा वाद लघुवाद न्यायालयातच चालतो. या न्यायालयाला अधिकारच नाही." न्यायाधीशांनी पुस्तक उघडलं, मिटलं आणि म्हणाले, "बरोबर आहे." दावा परत, स्थगिती खलास.

त्या संध्याकाळी बायकोने दुकान आवरलं. मशीन चादरीत गुंडाळलं, ओव्हरलॉकचं यंत्र वेगळ्या खोक्यात, गिऱ्हाइकांचे कपडे चिठ्ठ्या टाचून बारा गाठोड्यांत. सगळं घरी आलं. दुसऱ्या दिवसापासून गिऱ्हाइकंही घरी आली. आमच्या स्वयंपाकघरात, गॅसच्या शेगडीशेजारी एक पोस्टमास्तर हात वर करून उभे राहिले आणि बायकोने त्यांच्या कमरेचं माप घेतलं. मी चहा विचारला. ते म्हणाले, आत्ता नको, माप बदलेल.

वकीलबाईंनी चपळाईने तिसऱ्या मजल्यावर दावा लावला, पुन्हा स्थगिती मिळाली, गाठोडी पुन्हा दुकानात गेली. आणि पुढच्या तारखेला तेच पालिकेचे वकील, तोच रुमाल. "महोदय, या बाईंनी गाळा परस्पर दुसऱ्याला देऊन टाकला आहे. त्या आता भाडेकरू राहिलेल्याच नाहीत. अनधिकृत भोगवट्याचं प्रकरण पालिकेच्या सक्षम अधिकाऱ्यांकडे चालतं. या न्यायालयाला अधिकारच नाही."

मी ताडकन उभा राहिलो. "साहेब! हेच गृहस्थ खाली म्हणाले ती भाडेकरू आहे!"

"आपण कोण?" न्यायाधीशांनी विचारलं.

"अनधिकृत भोगवटादार," मी म्हणालो.

"खाली बसा."

एकतीस वर्षांत मला कोणी असं खाली बसवलं नव्हतं. वकीलबाईंनी माझी बाही ओढली म्हणून मी बसलो. पालिकेच्या वकिलांनी मात्र बाहेर आल्यावर माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि आपुलकीने म्हणाले, "मनाला लावून घेऊ नका. खाली मी खालचं बोलतो, वर वरचं." दावा परत, गाठोडी घरी.

सक्षम अधिकारी पालिकेच्या इमारतीत, आपल्या त्या कारकुनाच्या पलीकडच्या खोलीत बसत. पहिले दोन महिने ते प्रशिक्षणाला होते. नंतर भेटले, आणि माणूस अतिशय सज्जन निघाला. पाणी दिलं, फाइल पूर्ण वाचली. मग म्हणाले, "माझ्याकडे कोण येतं? अनधिकृत भोगवटादार. तुम्ही अनधिकृत आहात का?"

"नाही!"

"मग माझ्याकडे का आलात?"

मी वकीलबाईंकडे बघितलं. अधिकारी समजावून सांगायला लागले. ही बाई भाडेकरू असेल तर प्रकरण लघुवाद न्यायालयाचं. नसेल तर त्यांचं. ती भाडेकरू आहे की नाही, हे तिने गाळा दिला की नाही यावर ठरणार. आणि दिला की नाही, हे ज्याला अधिकार आहे तोच ठरवणार. अधिकार कोणाला, हे मात्र ती भाडेकरू आहे की नाही यावर. इथपर्यंत आल्यावर त्यांनी स्वतःच पाण्याचा ग्लास उचलला. शेवटी त्यांनी शेरा मारला, 'योग्य त्या न्यायालयाकडून निर्णय आणावा.'

घरी आलो तेव्हा बायको पलंगावर गाठोड्यांच्या मधे बसून हाताने टाके घालत होती. घरात मशीन लावलं की खालच्या मजल्यावरचे लोक छताला काठी मारत. निम्मी गिऱ्हाइकं एव्हाना तुटली होती. नवी माणसं येऊन बंद शटर बघून जात होती. मी तिला शेरा वाचून दाखवला. ती म्हणाली, "आणखी किती दिवस?" नोटीस आल्यापासून ती माझ्याशी तुटकच बोलायची, पण तिचा आवाज असा थकलेला मी कधी ऐकला नव्हता. मला स्वतःची इतकी लाज वाटली की मी संध्याकाळपर्यंत काजांचे दोरे कापत बसलो. त्यातले दोन काज मी कापले, तेही तिने पुन्हा शिवले.

वकीलबाई जिल्हा न्यायालयात गेल्या. तिथल्या न्यायाधीशबाईंनी तिन्ही आदेश एकापुढे एक ठेवले, पालिकेच्या वकिलांना विचारलं, "तुमच्या मते मग हे प्रकरण कुठेच चालत नाही का?" त्यांनी मान पुसली. बाईंनी आठ मिनिटांत निर्णय दिला. भाडेपट्टा रीतसर रद्द झालेला नाही, तोवर बाई भाडेकरूच. 'लघुवाद न्यायालयास हा दावा चालवण्याचा अधिकार आहे.' मी आयुष्यात इतकं सुंदर वाक्य ऐकलं नव्हतं. स्थगिती परत आली, गाठोडी दुकानात गेली आणि मी बाजारातल्या सगळ्या गाळ्यांत पेढे वाटले. किल्लीवाला पेढा तोंडात टाकत म्हणाला, "म्हणजे जिंकलात?"

"नाही, आता केस सुरू होणार."

त्याने दुसरा पेढा उचलला. खरं तर सव्वा वर्षात आम्ही एकदाही मूळ मुद्द्यावर एक शब्द बोललो नव्हतो.

मूळ मुद्दा असा होता की, गाळा माझ्या ताब्यात नाही. वकीलबाईंनी आम्हाला बसवून सांगितलं, "तुम्ही दुकानात किती निरुपयोगी आहात, हे सिद्ध करायचंय. पुरावा लागेल."

पुरावा तुडुंब मिळाला. चष्मेवाल्याने साक्ष द्यायला नवा शर्ट शिवून घेतला. पिंजऱ्यात उभा राहून तो म्हणाला, "महोदय, यांचा ताबा? यांना सुईत दोरा ओवता येत नाही. एकदा वहिनी दवाखान्यात गेल्या तेव्हा यांनी एकाचा कोट दुसऱ्याला दिला. तो घालून तो लग्नाला गेला. शटरसुद्धा यांना अर्धंच वर करता येतं, बाकीचं मी करतो."

"पुरे," वकीलबाई म्हणाल्या.

"अजून आहे," तो म्हणाला. न्यायाधीशांनी त्याला आणखी पाच मिनिटं बोलू दिलं, कारण तेही ऐकायला लागले होते.

मग मी. शपथेवर सांगितलं की मला दुकानातलं काही कळत नाही, किल्ली माझ्याकडे नसते, आणि अर्जातलं 'माझ्या ताब्यात' हे वाक्य भाषेच्या सौंदर्यासाठी लिहिलं होतं. पालिकेच्या वकिलांनी विचारलं, "म्हणजे आपण कार्यालयाला खोटं लिहून दिलंत?" मी म्हणालो, "हो." ज्या माणसाच्या अर्जात कधी त्रुटी निघाली नाही, त्याला हे भर कोर्टात म्हणावं लागलं. मागच्या बाकावर मालमत्ता विभागातला कारकून बसला होता. त्याने मान खाली घातली. त्याला खरंच वाईट वाटलं असावं.

शेवटी बायको उभी राहिली. तिच्या एका उत्तरावर गाळा राहणार की जाणार, हे पालिकेच्या वकिलांनाही माहीत होतं. त्यांनी रुमाल खिशात ठेवला.

"हे गृहस्थ रोज आपल्या दुकानात येतात, खरं ना?"

"खरं."

"दुपारपासून बंद होईपर्यंत?"

"हो."

"तिथे काय काम करतात?"

"काही नाही."

"गिऱ्हाईक बघतात?"

"गिऱ्हाइकांशी बोलतात. त्याने माझं काम लांबतं."

"म्हणजे काम नाही, हक्क नाही, उलट अडचणच. मग बाई, यांचा ताबा नसेल, तर सात फुटांच्या गाळ्यात तुम्ही यांना रोज पाच तास बसू का देता?"

वकीलबाई हरकत घ्यायला उठल्या. न्यायाधीश म्हणाले, "उत्तर येऊ द्या."

बायकोने माझ्याकडे एकदा बघितलं. मला वाटलं, आता ती सांगणार, अंगवळणी पडलंय. किंवा, कुठे घालवणार? काहीही चाललं असतं.

"मला बरं वाटतं," ती म्हणाली.

"काय म्हणालात?" न्यायाधीशांनी विचारलं.

"ते तिथे बसलेले असले की मला बरं वाटतं. म्हणून बसतात. मी जा म्हटलं तर लगेच उठतील. मी कधी म्हटलं नाही."

टंकलेखकाचे हात थांबले. न्यायाधीश त्याला म्हणाले, "घ्या, जसंच्या तसं घ्या." मग पालिकेच्या वकिलांना, "आणखी काही विचारायचंय?" ते म्हणाले, नाही. मला रडू आलं. वकीलबाईंनी विचारलं तेव्हा मी खोकला आहे म्हणून सांगितलं, आणि तेवढं मात्र शपथेवर नव्हतं.

पंधरा दिवसांनी निकाल लागला. पट्टेदाराच्या मर्जीने दुकानात बसणाऱ्या नवऱ्याला भोगवटादार म्हणता येणार नाही, नोटिसा रद्द, गाळा पट्टेदाराकडेच राहील. आम्ही तिसऱ्या मजल्यावरून जिने उतरलो. बायको झपझप चालत होती, तिला चार वाजायच्या आत दुकान उघडायचं होतं. रस्ता ओलांडल्यावर मी धीर करून विचारलं, "तू तिथे जे म्हणालीस, ते खरं होतं, की केससाठी?"

"शपथेवर म्हटलंय," ती पुढे बघतच म्हणाली. "खोटं असलं तर माझ्यावर केस करा."

"कुठल्या कोर्टात?" मी विचारलं.

ती रस्त्यातच थांबली. तिने माझ्याकडे वळून बघितलं, आणि नोटीस आल्यापासून पहिल्यांदा, माझा दंड धरून, डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसली.